संस्कृत की फारसी? जुने अभ्यासक्रम कसे शोधावेत आणि कसे वाचावेत

(१)
डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या विद्यार्थिदशेतील एक गोष्ट महाराष्ट्रात बहुतेकांना ठाऊक असते. त्यांना संस्कृत शिकायचे होते. अस्पृश्य म्हणून ते नाकारले गेले आणि फारसी घ्यावी लागली. या अन्यायाविषयी पुष्कळ लिहिले गेले आहे. त्यामागचा एक साधा प्रश्न मात्र क्वचितच विचारला जातो. मराठी बोलणाऱ्या मुलापुढे संस्कृत की फारसी हा पेच मुळात आला कोठून? मराठी हीच भाषा घेऊन त्याला पदवीपर्यंत का जाता येत नव्हते?

(२)
चरित्रग्रंथांत या प्रश्नाचे उत्तर सहसा मिळत नाही. ते मिळते विद्यापीठाच्या जुन्या अभ्यासक्रमांत. कोणत्या परीक्षेला कोणते विषय, कोणती पुस्तके, किती पर्याय, हे सांगणारे ते रुक्ष कागद इतिहासाचे साधन म्हणून फारसे कोणी उघडत नाही. हा धागा त्या कागदांविषयी आहे: ते कोठे असतात, काय सांगतात, आणि कोठे मूक राहतात.

(३)
आरंभ १८५७ पासून. त्या वर्षी कलकत्ता, मुंबई आणि मद्रास येथे विद्यापीठे स्थापन झाली. त्यांच्यापुढे नमुना होता लंडन विद्यापीठाचा. त्या काळचे लंडन विद्यापीठ स्वतः शिकवत नसे; ते परीक्षा घेई आणि पदव्या देई. मुंबई विद्यापीठाचेही तसेच झाले. शिकवण्याचे काम एल्फिन्स्टन, डेक्कन, विल्सन, फर्ग्युसन अशा महाविद्यालयांकडे राहिले आणि परीक्षेचे नियम करण्याचे काम विद्यापीठाकडे. विद्यापीठांनी स्वतः अध्यापन करावे, ही तरतूद १९०४ च्या कायद्याने आली.

(४)
ही गोष्ट ध्यानात ठेवली नाही तर जुना अभ्यासक्रम चुकीचा वाचला जातो. आज अभ्यासक्रम म्हटले की तासिकांचे नियोजन, घटक आणि उद्दिष्टे डोळ्यांपुढे येतात. एकोणिसाव्या शतकातील मुंबईत तो परीक्षेचा नियम होता. उमेदवाराने काय वाचून यावे, एवढेच विद्यापीठ सांगे. वर्गात काय घडले, कोणत्या प्राध्यापकाने कोणता भाग गाळला, कोणता रंगवून सांगितला, याची नोंद त्यात असण्याचे कारणच नव्हते.

(५)
हे नियम सापडतात कोठे? ग्रंथालयाच्या सूचीत ‘अभ्यासक्रम’ किंवा ‘सिलॅबस’ असा शब्द शोधणाऱ्याच्या हाती सहसा काही लागत नाही. त्या काळचा शब्द होता ‘कॅलेंडर’. विद्यापीठाचे कॅलेंडर म्हणजे तारखांचा तक्ता नव्हे; ते विद्यापीठाचे वार्षिक पुस्तक असे. ब्रिटिश पद्धतीच्या बहुतेक विद्यापीठांत हेच नाव होते. नवख्या अभ्यासकाचे निम्मे अपयश या एका शब्दामुळे ओढवते.

(६)
बॉम्बे युनिव्हर्सिटी कॅलेंडरचा एखादा जुना खंड उघडावा. विद्यापीठाचा कायदा, नियम, सिनेटचे सदस्य, संलग्न महाविद्यालये, पारितोषिके, नेमलेली पुस्तके, पदवीधरांच्या याद्या असा सगळा संसार त्यात एकत्र नांदतो. आरंभीच्या खंडांत प्रत्यक्ष प्रश्नपत्रिकाही छापलेल्या आहेत. हा ठेवा मोलाचा. नेमलेले पुस्तक हे विद्यापीठाचे म्हणणे. त्यावर विचारलेला प्रश्न पाहिला की परीक्षकाला त्यातले काय महत्त्वाचे वाटत होते, ते कळते.

(७)
आता मूळ प्रश्नाकडे. विद्यापीठाच्या पहिल्या काही वर्षांत मराठी, गुजराती अशा देशी भाषांना परीक्षांत स्थान होते. १८६० च्या दशकात ते बदलले. प्रवेश परीक्षेच्या, म्हणजे मॅट्रिकच्या, पुढे देशी भाषा मागे पडल्या आणि त्यांच्या जागी अभिजात भाषा आल्या: संस्कृत, लॅटिन, ग्रीक, हिब्रू, अरबी, फारसी अशांपैकी एक. पदवीच्या वाटेवरून मराठी उतरली ती तेव्हा.

(८)
या बदलाशी सर अलेक्झांडर ग्रँट यांचे नाव जोडले जाते. ते एल्फिन्स्टन कॉलेजचे प्राचार्य, पुढे विद्यापीठाचे कुलगुरू आणि शिक्षणखात्याचे संचालक. ॲरिस्टॉटलच्या नीतिशास्त्राचे संपादन केलेले हे विद्वान; अभिजात भाषांवाचून उच्च शिक्षण पुरे होत नाही, अशी त्या परंपरेची धारणा. देशी भाषांत पदवीला साजेसे वाङ्मय अजून नाही, असाही युक्तिवाद होता. यात मराठीचा द्वेष शोधण्याची गरज नाही. कोणते ज्ञान उच्च, याविषयीची एक ठाम समजूत नियमात उतरली, इतकेच. नियम मात्र समजुतीपेक्षा दीर्घायुषी ठरला.

(९)
कॅलेंडरात हा बदल कसा दिसतो? जवळजवळ दिसतच नाही. कोठे खेदाचे वाक्य नाही, कारण नाही. एका खंडात असलेले भाषेचे नाव पुढच्या एखाद्या खंडात नसते. एकच खंड वाचणाऱ्याला काही गेल्याची जाणीवही होत नाही. म्हणून पहिला नियम: अभ्यासक्रम एकटा वाचू नये. लागोपाठचे तीन-चार खंड शेजारी मांडावेत आणि काय आले यापेक्षा काय गेले ते आधी टिपावे.

(१०)
गेलेली भाषा परत आणण्यासाठी झटणाऱ्यांत न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे अग्रभागी होते. ते स्वतः या विद्यापीठाच्या १८६२ च्या पहिल्या पदवीधरांपैकी एक, रा. गो. भांडारकर त्यांचे सहपदवीधर. मराठीत वाङ्मय नाही, या आक्षेपाला रानड्यांनी भावनेने उत्तर दिले नाही. प्रसिद्ध झालेल्या मराठी ग्रंथांचा विषयवार हिशेब त्यांनी मांडला. मराठी वाङ्मयाच्या वाढीविषयीचे त्यांचे १८९८ चे इंग्रजी टिपण याच खटाटोपातले. आज ते वाङ्मयेतिहास म्हणून वाचले जाते. ते लिहिले गेले अभ्यासक्रमाच्या वादात.

(११)
विसाव्या शतकाच्या आरंभी एम.ए.च्या परीक्षेत देशी भाषांना वाट मिळाली. जानेवारी १९०१ मध्ये रानड्यांचे निधन झाले. म्हणजे हे यश त्यांच्या आयुष्याच्या अगदी अखेरीस पदरात पडले. त्यातली विसंगती पाहण्यासारखी आहे. मराठीला प्रवेश मिळाला तो माडीवर. जिना अजून बंदच होता. पदवीपूर्व परीक्षांच्या वाटेवर अभिजात भाषेची अट कायम राहिली. ही विसंगती सिनेटमधल्या एका भाषणातून कळणार नाही. वेगवेगळ्या परीक्षांचे नियम एकाखाली एक ठेवले की ती आपोआप दिसते.

(१२)
त्याच व्यवस्थेत भीमराव आंबेडकर शिकले. एल्फिन्स्टन हायस्कूलमधून १९०७ साली मॅट्रिक, पुढे एल्फिन्स्टन कॉलेज, १९१२ साली बी.ए. ज्याला कॉलेजात जायचे त्याला शाळेतच अभिजात भाषेची तयारी करावी लागे. त्यामुळे संस्कृत की फारसी हा पेच एका शिक्षकाच्या सोवळ्यापुरता नव्हता. भाषा घेणे विद्यापीठाच्या नियमाने भाग पाडले होते आणि त्या नियमातली एक भाषा वर्गाच्या दाराशी अडवली गेली होती. पहिली गोष्ट अभ्यासक्रमात छापलेली आहे. दुसरी कोठेच छापलेली नाही.

(१३)
जुन्या अभ्यासक्रमाची मर्यादा येथे उघडी पडते. नियमाच्या भाषेत सर्व उमेदवार समान आहेत. कोणीही कोणतीही एक भाषा घ्यावी. जात हा शब्द त्या पानावर नाही. केवळ कॅलेंडर वाचणाऱ्याला वाटेल की या मुलाने आवडीने फारसी निवडली. केवळ आठवणी वाचणाऱ्याला वाटेल की हा एका माणसाच्या दुष्टपणाचा प्रकार. दोन्ही कागद समोर असल्यावाचून घटना पुरी होत नाही. पर्याय छापणे एक आणि पर्याय मिळणे दुसरे.

(१४)
त्या नकाराची सावली किती लांब पडली, हेही पाहावे. शूद्रांच्या उत्पत्तीविषयीचा डॉ. आंबेडकरांचा इंग्रजी ग्रंथ १९४६ साली प्रसिद्ध झाला. त्याच्या प्रस्तावनेत त्यांना संस्कृतविषयीच्या आक्षेपाची दखल घ्यावी लागली. त्या भाषेवर प्रभुत्वाचा दावा आपण करीत नाही, हे त्यांनी मोकळेपणाने मान्य केले. पण तेवढ्याने या विषयावर लिहिण्यास आपण अपात्र ठरत नाही, असे बजावले. चार दशकांपूर्वी जे शिकू दिले नाही, त्याच्याच अभावाचा जाब विद्वानाला द्यावा लागत होता.

(१५)
याच विद्यार्थ्याचा पुढचा मुक्काम न्यूयॉर्क. बडोदा संस्थानाच्या शिष्यवृत्तीवर ते १९१३ साली कोलंबिया विद्यापीठात पोहोचले. येथील कागदांची जात वेगळी आहे. कोलंबियात विद्यापीठ स्वतः शिकवत होते. त्यामुळे तेथील वार्षिक माहितीपत्रकात प्रत्येक वर्गाचा क्रमांक, विषयाचे वर्णन आणि प्राध्यापकाचे नाव मिळते. मुंबईचा कागद परीक्षेची अट सांगतो. न्यूयॉर्कचा कागद कोणता वर्ग, कोणाचा, हे सांगतो. दोहोंना ‘अभ्यासक्रम’ हे एकच नाव दिले तरी त्यांना विचारायचे प्रश्न निराळे.

(१६)
आंबेडकरांच्या बाबतीत कोलंबियातली दुसरी नोंदही उपलब्ध आहे: त्यांनी नाव नोंदवलेल्या वर्गांची. तिच्यावरून प्रसिद्ध झालेली गणना अशी: अर्थशास्त्र २९, इतिहास ११, समाजशास्त्र ६, तत्त्वज्ञान ५, मानववंशशास्त्र ४, राज्यशास्त्र ३, शिवाय प्राथमिक फ्रेंच आणि जर्मन प्रत्येकी १. एकूण ६०. माहितीपत्रक म्हणजे वाढण्यासाठी काय काय मांडले होते त्याची यादी. ही नोंद म्हणजे एका विद्यार्थ्याने त्यातले पानात काय घेतले त्याची यादी.

(१७)
या आकड्यांतून काय कळते? ते मुख्यतः अर्थशास्त्राचे विद्यार्थी होते. एडविन सेलिग्मन हे त्यांचे गुरू. ब्रिटिश भारतातील प्रांतिक अर्थव्यवस्थेवरील त्यांच्या प्रबंधाला १९२५ साली ग्रंथरूप आले तेव्हा सेलिग्मन यांनीच प्रस्तावना लिहिली. फ्रेंच आणि जर्मन कशासाठी, याचेही उत्तर नियमांच्या पानावर शोधावे; या दोन भाषा वाचता येणे ही अमेरिकेतील डॉक्टरेटची त्या काळी नेहमीची अट असे. आवड समजून ज्याचे कौतुक करावे, ते पुष्कळदा नियमाचे पालन निघते.

(१८)
मानववंशशास्त्राचे चार वर्ग विशेष लक्षात ठेवावेत. ९ मे १९१६ रोजी अलेक्झांडर गोल्डनवायझर यांच्या चर्चासत्रात आंबेडकरांनी भारतातील जातींची रचना, उगम आणि विकास यांवरील निबंध वाचला. पुढच्याच वर्षी तो ‘इंडियन अँटिक्वेरी’त छापून आला. निबंध एकटा वाचला तर तो अचानक अवतरल्यासारखा भासतो. वर्गांची यादी शेजारी ठेवली की त्यामागचे शिक्षण दिसू लागते, आणि त्या शिक्षणात नसलेले, म्हणजे त्यांचे स्वतःचे, किती होते तेही अजमावता येते.

(१९)
पण आकडे फसवतातही. साठांपैकी तत्त्वज्ञानाचे वर्ग अवघे पाच. आकड्यांवर विसंबणारा म्हणेल की तत्त्वज्ञानाचा ठसा पुसटच असणार. प्रत्यक्षात त्यांतले काही वर्ग जॉन ड्यूई यांचे होते. १९३६ च्या जातिनिर्मूलनावरील भाषणात आंबेडकरांनी ज्या गुरूचे ऋण नाव घेऊन मान्य केले, ते ड्यूईच. किती वर्ग घेतले यावरून किती खोल रुजले, हे ठरत नाही.

(२०)
ड्यूईंनी त्या वर्गांत शिकवले तरी काय? माहितीपत्रकात नैतिक व राजकीय तत्त्वज्ञान अशा स्वरूपाचे शीर्षक मिळते. त्यापलीकडे तो कागद जात नाही. स्कॉट स्ट्राउड यांनी २०२३ साली प्रसिद्ध झालेल्या भारतातील प्रॅग्मॅटिझमवरील ग्रंथात ही अडचण कशी सोडवली, ते पाहण्यासारखे आहे. ड्यूईंच्या व्याख्यानांची इतर विद्यार्थ्यांनी घेतलेली टिपणे त्यांनी अभिलेखागारांतून मिळवली आणि त्यांवरून वर्गातला विचार उभा केला. नायकाची वही नसेल तर शेजारच्या बाकावरची वही शोधावी.

(२१)
लंडनचेही तसेच. ऑक्टोबर १९१६ मध्ये आंबेडकर लंडन स्कूल ऑफ इकॉनॉमिक्समध्ये दाखल झाले. हॅल्फर्ड मॅकिंडर यांचा भूगोल, लोज डिकिन्सन यांचे राजकीय विचार आणि हॉबहाउस यांचे सामाजिक उत्क्रांतीवरील अध्यापन, असे त्यांचे विषय त्या संस्थेच्या नोंदींवरून कळतात. मुंबई, न्यूयॉर्क, लंडन या तीन ठिकाणांचे कागद जोडले की एका माणसाच्या घडणीचा नकाशा तयार होतो. त्यात आख्यायिकेला जागा थोडी उरते.

(२२)
चरित्रांतील गोंधळ निस्तरण्यासही हे कागद उपयोगी पडतात. आंबेडकरांच्या बी.ए.चे विषय काही ठिकाणी इंग्रजी आणि फारसी असे दिलेले आढळतात, तर काही ठिकाणी अर्थशास्त्र आणि राज्यशास्त्र असे. कोणता लेखक चुकला, असे भांडण मांडण्याआधी त्या वर्षांच्या कॅलेंडरातले बी.ए.चे नियम उघडावेत: सक्तीचे विषय कोणते, ऐच्छिक कोणते, पदवीच्या नोंदीत कोणत्या विषयांची नावे येत. निम्मे वाद अशा एका पानावर निवतात.

(२३)
ज्यांना स्वतः शोध घ्यायचा आहे त्यांच्यासाठी काही ठिकाणे. मुंबई विद्यापीठाचे राजाबाई टॉवरखालचे ग्रंथालय. एशियाटिक सोसायटीचे ग्रंथालय. एल्फिन्स्टन कॉलेजच्याच इमारतीतील महाराष्ट्र राज्य अभिलेखागार. तेथे सरकारी पत्रव्यवहार पाहावा, कारण नियमामागची कारणे तेथे सापडण्याचा संभव अधिक. घरबसल्या पाहायचे तर इंटरनेट आर्काइव्ह आणि हाथीट्रस्ट येथे जुनी कॅलेंडरे आणि अमेरिकी माहितीपत्रके मिळतात. लंडन स्कूलची जुनी कॅलेंडरेही तिच्या ग्रंथालयाने डिजिटल केली आहेत.

(२४)
शोधताना कॅलेंडर, रेग्युलेशन्स, बुलेटिन, अनाउन्समेंट, प्रॉस्पेक्टस, हँडबुक हे सर्व शब्द घालून पाहावेत. नाव ‘मुंबई’ नसून ‘बॉम्बे’ असते. स्कॅन केलेल्या जुन्या छपाईत यंत्राला अक्षरे नीट वाचता येत नाहीत. शोधपेटीने नाही म्हटले म्हणून पुस्तकात नाही असे समजू नये. अनुक्रमणिकेवरून जावे. आणि पान टिपताना खंडाचे वर्ष व परीक्षेचे वर्ष दोन्ही लिहून ठेवावीत. नेमलेली पुस्तके पुढच्या वर्षांच्या परीक्षांसाठी असू शकतात. येथे एका वर्षाची चूक फार सहज होते.

(२५)
सापडलेल्या पानाला चार प्रश्न विचारावेत. हा परीक्षेचा नियम आहे की शिकवण्याची योजना? मागच्या वर्षी येथे काय होते? छापलेला पर्याय प्रत्यक्षात कोणाला मिळत होता? आणि हे पान ज्याविषयी काहीच सांगत नाही, ते सांगणारा दुसरा कागद कोणता: प्रश्नपत्रिका, नोंदवही, शिक्षणखात्याचा अहवाल, वर्तमानपत्र, आठवणी, की कोणाची वही? चौथा प्रश्न टाळला की जुना अभ्यासक्रम संस्थेची जाहिरात होऊन बसतो.

(२६)
शेवटी आजच्या कागदांविषयी. अभ्यासक्रम बदलला की जुना लगेच निरुपयोगी ठरतो, आणि निरुपयोगी कागदाची वाट रद्दीच्या दुकानाकडे जाते. आता तर रद्दीही होत नाही. संकेतस्थळावर नवी फाइल चढते आणि जुनी निघून जाते. महाविद्यालयाची जुनी माहितीपत्रके, प्रश्नपत्रिकांचे गठ्ठे, आजी-आजोबांची क्रमिक पुस्तके ज्यांच्या घरी असतील, त्यांनी ती टाकण्यापूर्वी वर्ष लिहून छायाचित्रे घ्यावीत.

(२७)
१८६० च्या दशकात एका यादीतून एक भाषा गेली. त्या यादीचे आधीचे आणि नंतरचे खंड कोणीतरी जपले, म्हणून आज पेच कोणी उभा केला ते सांगता येते. पुढच्या पिढीतील कोणी विचारील की २०२० च्या दशकात इतिहासाच्या विद्यार्थ्याला काय वाचायला सांगत होते आणि काय वगळले होते. त्याला उत्तर मिळेल की नाही, हे आज कोण काय जपून ठेवतो यावर ठरेल.

(धागा समाप्त)